लँगॉलेन, हॅलिफॅक्स, यॉर्क : दोघींचे सहा दिवस

मे महिन्यात आम्ही दोघी उत्तर वेल्स आणि यॉर्कशायर असं सहा दिवस फिरून आलो. माझी जोडीदार आणि मी २१ वर्षं एकत्र राहतो. जुन्या वळणाच्या घरांत नवरा बायकोचं नाव घेत नाही, 'ही' म्हणतो. आमच्या घरात दोघीही एकमेकींना 'ही'च म्हणतात, तेव्हा पुढे जिथे 'ही' येईल तिथे ती माझी ही.

जायचं ठरलं १७ ऑक्टोबर २०२३च्या रात्री. त्या दिवशी सर्वोच्च न्यायालयाने आमच्यासारख्यांच्या लग्नाला कायद्याची मान्यता द्यायला नकार दिला होता. जेवणं झाली, ओटा पुसून झाला, आणि हिने लॅपटॉपवर इंग्लंडचा नकाशा उघडला. "दोनशे वर्षांपूर्वी ज्यांनी कुणाला न विचारता संसार केले त्यांची घरं अजून उभी आहेत. जाऊन येऊ," म्हणाली. व्हिसा, सुट्ट्या आणि तिकिटं जमेपर्यंत मे उजाडला.

दिवस पहिला : लँगॉलेन

मँचेस्टर विमानतळावरून रेल्वेने चेस्टर, पुढे रुआबॉन, आणि तिथून बस. पाऊस होता, पण आपल्या मे महिन्यातल्या वळवासारखा नव्हे. पडतोय हे कळतही नाही आणि दहा मिनिटांत स्वेटर जड होतो, तसा. बसमध्ये शेजारी बसलेल्या आजींनी गावाच्या नावाचा वेल्श उच्चार शिकवला. जीभ 'ल' म्हणताना लावतो तिथेच ठेवायची आणि दोन्ही बाजूंनी हवा सोडायची. हिला तिसऱ्या खेपेला जमलं तेव्हा आजींनी टाळ्या वाजवल्या.

गावातून चढ चढून दहा-बारा मिनिटांत प्लास नेविद. नावाचा अर्थ नवी वास्तू. एलिनॉर बटलर आणि सारा पॉन्सनबी या दोघी इथे १७८० साली राहायला आल्या आणि मरेपर्यंत इथेच राहिल्या. एलिनॉर १८२९ साली गेली, सारा १८३१ साली. जवळजवळ पन्नास वर्षांचा संसार.

दोघी आयर्लंडच्या बड्या घराण्यांतल्या. एलिनॉरला घरचे मठात धाडायच्या बेतात होते. सारा तिच्याहून सोळा वर्षांनी लहान, आईबापांविना, आणि ज्या नातेवाइकांकडे राहत होती त्या घरच्या यजमानाची नजर तिच्यावर गेलेली. १७७८ साली दोघी पुरुषी कपडे घालून, एक पिस्तूल आणि साराचा फ्रिस्क नावाचा कुत्रा बरोबर घेऊन रात्रीच्या पळाल्या. वॉटरफर्डला बोट मिळाली नाही, पकडून परत आणलं. सारा तापाने आजारी पडली. एलिनॉर पुन्हा घरातून निसटली आणि साराच्या खोलीत लपून राहिली. तिला चोरून आत घेणारी होती घरातली मोलकरीण मेरी कॅरिल. शेवटी दोन्ही घराण्यांनी हात टेकले, आणि त्याच वर्षीच्या मे महिन्यात दोघी आयर्लंड सोडून निघाल्या.

घराचा दर्शनी भाग आज काळ्या-पांढऱ्या पट्ट्यांचा दिसतो, ते त्यांच्यामागून आलेल्या मालकाचं काम. त्यांचं स्वतःचं काम बघायचं तर देवडीत उभं राहायचं. जुन्या पलंगांचे खूर, चर्चमधल्या बाकांच्या पाट्या, मोडक्या कपाटांचे तुकडे, जिथून मिळेल तिथून कोरीव ओक लाकूड जमवून त्यांनी देवडी आणि आतल्या भिंती मढवल्या. एकाही तुकड्याचा दुसऱ्याशी मेळ नाही. सिंहाच्या शेजारी देवदूत, त्याखाली द्राक्षांचा वेल, त्याला लागून कुणाची तरी दाढी. भेटीला येणाऱ्यांनाही कळून चुकलं होतं की हाती कोरीव लाकडाचा तुकडा असला की स्वागत चांगलं होतं. वर्ड्सवर्थ आला, वॉल्टर स्कॉट आला, ड्यूक ऑफ वेलिंग्टन आला. हिने एका वेलावर बोट फिरवलं आणि म्हणाली, "अगं, माझ्या आजोळच्या माजघराचं दार असंच होतं." मग बराच वेळ आम्ही दोघी दारातच थांबलो.

एलिनॉरची रोजनिशी आहे. तिच्यात सारा 'माझी प्रिया' म्हणून येते. १७९० साली एका वर्तमानपत्राने दोघींच्या 'विलक्षण स्त्री-प्रेमा'वर खवचट मजकूर छापला, तेव्हा दोघी संतापल्या आणि खटला भरायचा म्हणून त्यांनी एडमंड बर्कचा सल्ला घेतला. त्याने नको म्हणून सांगितलं. आज कुणी म्हणतं त्या फक्त जिवलग मैत्रिणी होत्या, कुणी म्हणतं नव्हत्या. मला पटतं ते ॲन लिस्टरचं, म्हणजे हॅलिफॅक्सच्या त्या रोजनिशीकार बाईचं, जिच्या घरी आम्ही तिसऱ्या दिवशी गेलो. जुलै १८२२ मध्ये ती इथे आली. एलिनॉर आजारी होती म्हणून फक्त सारा भेटली. साराने तिला बागेतलं एक गुलाबाचं फूल दिलं. नंतर ॲनने आपल्या वहीत लिहिलं की हे नातं निव्वळ मनापुरतं असेल असं मला काही वाटत नाही. ती हे लिहू शकली, कारण तिला आतून माहीत होतं.

संध्याकाळी गावात लीक-बटाट्याचं गरम सूप आणि 'बारा ब्रिथ' खाल्ला. चहात भिजवलेल्या मनुका घालून केलेला हा गोडसर पाव लोणी लावून देतात. आम्ही शाकाहारी, पण अडलं कुठेच नाही.

जाणाऱ्यांसाठी : घर हिवाळ्यात बंद असतं, वेळा आधी बघून घ्या. बाग आणि मागची ओढ्याकाठची घळ सोडू नका. तिथे वेल्सच्या जुन्या मठातून आणलेलं दगडी पात्र आहे, दोघींनीच मांडलेलं.

दिवस दुसरा : तीन बाजूंचं थडगं

सकाळी सेंट कॉलेनच्या चर्चच्या आवारात. थडगं तीन बाजूंचं आहे. एका बाजूवर एलिनॉर, दुसऱ्या बाजूवर सारा, तिसऱ्या बाजूवर मेरी कॅरिल. दोघींच्या मागोमाग ती आयर्लंडहून आली, आयुष्यभर याच घरात राबली, आणि १८०९ साली सगळ्यांत आधी गेली. जे काही साठवलं होतं ते तिने यांच्यासाठीच ठेवलं. थडगं तिच्यासाठी बांधलं आणि उरलेल्या दोन बाजू दोघींनी स्वतःसाठी राखल्या. आपल्याकडे पन्नास वर्षं घरात राबलेल्या बाईचं आडनावसुद्धा कितीदा माहीत नसतं. मला एलिनॉर-साराच्या सगळ्या गोष्टीत हे दगडाचं काम जास्त मोलाचं वाटलं.

दुपारी हॅलिफॅक्सला निघालो. मँचेस्टरमध्ये पुढची गाडी रद्द झाली, दोन तास फलाटावर काढले. हॅलिफॅक्सला पोचेपर्यंत आठ वाजले होते, तरी उजेड लख्ख. टॅक्सीवाले मूळ मीरपूरचे. आमचं आपसातलं बोलणं ऐकून विचारलं, "बाजी, इंडिया से?" मग सगळा रस्ता हिंदी-उर्दूत गप्पा. लिस्टरचं घर बघायला आलोय म्हटल्यावर म्हणाले, "वो काले कपड़ों वाली? मेरी बेटी के स्कूल में उसका पूरा प्रोजेक्ट था." त्यांनी सांगितलेल्या खानावळीत मसूर डाळ, तंदुरी रोटी आणि कच्चा कांदा मिळाला. दोन दिवस सूप-पावावर काढलेल्या जिवाला बरं वाटलं.

दिवस तिसरा : शिब्डन हॉल

हॅलिफॅक्सहून शिब्डनला बस जाते, पण आम्ही बीकन हिलवरून जाणाऱ्या जुन्या फरसबंद वाटेने चालत गेलो. 'मॅग्ना व्हिया' म्हणतात तिला. मध्ययुगात लोकरीची ओझी लादलेली तट्टं याच वाटेने जायची. चढ छातीवर येतो आणि ओले दगड निसरडे असतात, तेव्हा चांगली पकड असलेले बूट हवेतच. माथ्यावर मागे वळलं की सगळं हॅलिफॅक्स खाली दिसतं, आणि पुढे उतरलं की गर्द हिरव्या खोऱ्यात ते घर. रानात निळ्या घंटाफुलांचा शेवटचा बहर होता.

ॲन लिस्टर १७९१ साली हॅलिफॅक्समध्ये जन्मली. काका वारल्यावर १८२६ साली शिब्डनचा कारभार तिच्याकडे आला. कायम काळे कपडे, झपझप चाल. गावकरी मागे तिला पुरुषी नावाने हाका मारायचे. कोळशाच्या खाणींचे व्यवहार ती स्वतः करायची, कुळांकडून खंड स्वतः वसूल करायची, पिरेनीज पर्वतातलं व्हिन्यमाल शिखर तिने १८३८ साली सर केलं. आणि रोज लिहायची. किती वाजता उठले, तापमान किती, किती मैल चालले, कुणाचं पत्र आलं, कुणाच्या शेजारी झोपले. सुमारे पन्नास लाख शब्द. त्यातला साधारण सहावा हिस्सा सांकेतिक लिपीत.

घर बाहेरून वाटतं त्यापेक्षा आत लहान आणि काळोखं आहे. मूळ बांधकाम १४२०च्या सुमाराचं, लाकडी सांगाड्याचं. तिने त्याला १८३६ नंतर पुस्तकांसाठी मनोरा जोडला, नोकरांना ये-जा करायला तळघरातून बोगदा काढला. जिन्याच्या खांबावर लाकडी सिंह बसवला. पण माझे पाय थबकले ते भिंतीच्या लाकडी तक्त्यांपाशी.

तिच्यानंतर पन्नास वर्षांनी घराचा वारस जॉन लिस्टर आणि त्याचा शिक्षक मित्र आर्थर बरेल यांनी ती लिपी फोडायला घेतली. कागदाच्या एका कपट्यावर 'देवावरच माझी' एवढं साधं लिहिलेलं आणि पुढे चार चिन्हं. तो शब्द 'आशा' असणार, असं त्यांनी ओळखलं, आणि त्या चार अक्षरांच्या आधाराने पहाटेपर्यंत जवळजवळ सगळी लिपी उलगडली. वाचलं ते स्त्रियांवरच्या तिच्या प्रेमाबद्दल होतं, अगदी उघड शब्दांत. बरेल म्हणाला, सगळं जाळून टाक. जॉनने जाळलं नाही. वह्या भिंतीच्या तक्त्यांमागे ठेवून दिल्या, आणि तो १९३३ साली वारेपर्यंत त्या तिथेच होत्या.

मी तक्त्याला हात लावून उभी होते. हिने काही विचारलं नाही, कारण हिला माहीत आहे.

माझी मोठी आत्या वाईच्या शाळेत शिकवायची. त्याच शाळेतल्या चित्रकलेच्या बाईंबरोबर ती ३१ वर्षं एका घरात राहिली. आम्ही पोरं त्यांना मावशी म्हणायचो, गावात सगळे 'दोघी बाई' म्हणायचे. एवढंच नाव होतं त्या नात्याला. १९९१ साली आत्या गेली तेव्हा मी १४ वर्षांची होते. दहाव्याच्या आदल्या दिवशी काका आणि बाबांनी तिची लोखंडी ट्रंक उघडली. आत रोजनिशीच्या वह्या, वर्षाला एक. काकांनी दोन-चार पानं चाळली, बाबांकडे बघितलं, आणि बंब पेटलेलाच होता. पुठ्ठ्याची बांधणी लवकर जळत नाही, म्हणून मला पानं फाडून द्यायला बसवलं. मावशी ओसरीवर भिंतीला टेकून बसल्या होत्या. त्यांना वह्या हव्यात का, हे कुणी विचारलं नाही, मीही नाही. फाडताना एक पान मी वाचलं. 'आज पाऊस. म.ला ताप. काढा दिला. रात्री बसून होते.' त्याखाली तीन ओळी मोडीत. मला मोडी येत नव्हती. मी ते पान बंबात टाकलं.

दिवस चौथा : हॅलिफॅक्स

लिस्टरच्या वह्या आता हॅलिफॅक्सच्या मध्यवर्ती ग्रंथालयातल्या अभिलेखागारात आहेत. युनेस्कोच्या ब्रिटनमधल्या जागतिक स्मृती नोंदवहीत २०११ साली त्यांचा समावेश झाला. मूळ वह्या सहसा हाताळायला देत नाहीत. सगळी पानं छायाचित्रांच्या रूपात अभिलेखागाराच्या संकेतस्थळावर फुकट बघता येतात, घरबसल्यासुद्धा. जगभरच्या स्वयंसेवकांनी ती उतरवून काढायला मदत केली आहे. पण ज्या गावात ती लिहिली त्या गावात बसून बघणं वेगळं, म्हणून आम्ही सकाळीच जाऊन बसलो.

पडद्यावर पान आलं आणि मी हिचा हात धरला. अक्षर किडामुंगीसारखं बारीक. मध्येच साधं इंग्रजी थांबतं आणि चिन्हं सुरू होतात. ग्रीक अक्षरं, गणिताची चिन्हं, आकडे. ए, ई, आय, ओ, यू या स्वरांसाठी २, ३, ४, ५, ६. दोन शब्दांमध्ये मोकळी जागाच नाही, विरामचिन्ह नाही, नुसती सलग ओळ. मोडीसुद्धा अशीच लिहितात. आधी पानभर रेघ ओढायची आणि तिच्याखाली शब्द न तोडता लिहीत जायचं. आत्याच्या त्या तीन ओळी मला अक्षरांनी आठवत नाहीत, पण आकाराने आठवतात. वाचता येत नसलेलं लिखाण पाहिलं की डोळे तो आकार शोधतात.

उपलब्ध वह्यांमधली पहिली नोंद ११ ऑगस्ट १८०६ची आहे. ॲन तेव्हा पंधरा वर्षांची. नोंदीतलं पहिलं वाक्य : एलायझा आज आमच्याकडून गेली. शेवटची नोंद ११ ऑगस्ट १८४०ची, जॉर्जियातल्या प्रवासातली. पुढच्या महिन्यात २२ सप्टेंबरला कुटाइसी गावी तापाने ती वारली. ४९ वर्षांची होती. पन्नास लाख शब्दांच्या सुरुवातीला ही एलायझा उभी आहे. तिच्याकडे पुढे येतेच.

कुटाइसीला ॲन लिस्टरसोबत ॲन वॉकर होती. शेजारच्या लाइटक्लिफच्या श्रीमंत इस्टेटीची वारस, स्वभावाने भिडस्त, वारंवार आजारी पडणारी. तिने लिस्टरचा देह तिथून इंग्लंडपर्यंत आणला. एप्रिल १८४१च्या अखेरीस हॅलिफॅक्सच्या चर्चमध्ये दफन झालं, म्हणजे सात महिने लागले. एवढ्या लांबून, परक्या मुलखातून, बर्फातून. ही बाई दुबळी होती असं लिहिणाऱ्यांनी नकाशा समोर घेऊन बसावं.

ते चर्च म्हणजे आजचं हॅलिफॅक्स मिन्स्टर. लिस्टरच्या थडग्याची शिळा लाकडी जमिनीखाली दडलेली होती, ती २००० साली सापडली. फुटकी, अर्धवट. तिथून पाच मिनिटांवर पीस हॉल आहे, १७७९ साली बांधलेला कापडबाजार. चारी बाजूंना कमानींमागे कमानी, तीनशेहून अधिक खोल्या, मधोमध प्रचंड चौक. त्या चौकात २०२१ साली बसवलेला लिस्टरचा पुतळा आहे. आम्ही गेलो तेव्हा दोन शाळकरी मुली तिच्या खांद्याला खांदा लावून फोटो काढत होत्या. त्यांनी आमचाही काढून दिला. वय झालेल्या दोघी साडीवाल्या बायका आणि मधे लिस्टर. तो फोटो आता आमच्या दिवाणखान्यात आहे.

संध्याकाळी बसने लाइटक्लिफ. जुन्या चर्चचा फक्त मनोरा उरलाय, वॉकरला इथेच पुरलं. मनोरा ठरावीक दिवशीच उघडतो, आम्ही बाहेरूनच बघितला. लिस्टर गेल्यावर वॉकर शिब्डनमध्ये एकटी राहिली. १८४३ साली नातेवाईक वकील आणि शिपाई घेऊन आले, तिच्या खोलीचं कुलूपबंद दार बिजागऱ्यांवरून उतरवलं आणि वेडी ठरवून तिला यॉर्कजवळच्या एका खासगी इस्पितळात नेलं. १८५४ साली ती वारली.

दिवस पाचवा : यॉर्क

हॅलिफॅक्सहून यॉर्क दीड तासाच्या आत. स्वच्छ ऊन, आणि पर्यटकांची ही गर्दी. मिन्स्टर बघायला रांग होती, ते राहू दिलं. पहिल्यांदा किंग्ज मॅनर. आज विद्यापीठाच्या ताब्यात असलेल्या या जुन्या वास्तूत १८०५ साली मुलींची निवासी शाळा होती. तिथल्या माळ्यावरच्या उतरत्या छपराच्या खोलीत चौदा वर्षांच्या दोन मुलींना एकत्र ठेवलं होतं. एक ॲन लिस्टर. दुसरी एलायझा रेन.

एलायझा मद्रासची. वडील विल्यम रेन ईस्ट इंडिया कंपनीच्या नोकरीतले सर्जन, आई तिथलीच भारतीय बाई. वडिलांच्या पश्चात ती आणि तिची बहीण जेन यॉर्कला त्यांचे सहकारी डॉक्टर डफिन यांच्याकडे वाढल्या. तिच्या नावावर पैसे होते, शिक्षण होतं, आणि रंग मद्रासचा होता. दोघींनी त्या माळ्यावर एकमेकींना शब्द दिले, आयुष्यभर एकत्र राहायचं ठरवलं. आणि ती सांकेतिक लिपी, जिच्यासाठी आज जगभरातून लोक हॅलिफॅक्सला जातात, ती दोघींच्या पत्रापत्रीतून जन्मली. लिस्टरची लिपी म्हणून तिचं कौतुक होतं, पण सुरुवातीला ती लिहिणारे हात दोन होते आणि वाचणारे डोळेही दोघींचे. हे मला ठासून सांगायचंय, कारण हॅलिफॅक्समध्ये दोन दिवस फिरताना एलायझाचं नाव मला मुद्दाम शोधावं लागलं.

लिस्टर पुढे दुसऱ्या मैत्रिणींकडे वळली. यॉर्कच्या डॉक्टर बेलकोंबची मुलगी मारियाना हे तिचं मोठं प्रेम. एलायझा खचली. १८१४ साली तिला मनोरुग्ण म्हणून याच डॉक्टर बेलकोंबच्या खासगी इस्पितळात ठेवलं, आणि पुढची ४५ वर्षं ती दुसऱ्यांच्या देखरेखीखालीच राहिली. माझं लिस्टरवर प्रेम आहे, पण इथे तिची बाजू मला घेता येत नाही.

दुपारी गुडरमगेटवरचं होली ट्रिनिटी चर्च. दुकानांच्या रांगेत एक लोखंडी फाटक आहे, चटकन दिसत नाही. आत गेलं की रस्त्याचा आवाज बंद. जमीन खालीवर, आणि बाकांना छातीपर्यंत उंच लाकडी कठडे, दारंसुद्धा. असल्या चौकोनी कोंदणात ३० मार्च १८३४ला, ईस्टरच्या रविवारी, लिस्टर आणि वॉकर शेजारी बसल्या आणि दोघींनी एकत्र प्रसाद घेतला. अंगठ्या आधीच दिल्या-घेतल्या होत्या. लिस्टरच्या मनाने हेच लग्न. पाद्र्याला पत्ता नव्हता, कायद्याला नव्हता.

बाहेर भिंतीवर गोल पाटी आहे, कडेला इंद्रधनुष्य. २०१८ साली पहिली पाटी लावली तिच्यावर तिला रूढ लिंगभावात न बसणारी उद्योजिका म्हटलं होतं. त्यात 'लेस्बियन' शब्द नव्हता. अनेक बायकांनी विरोध केला, सह्या गोळा केल्या, आणि २०१९ साली नवी पाटी आली. तिच्यावर स्पष्ट लिहिलंय, लेस्बियन आणि रोजनिशीकार. एका शब्दासाठी एवढं कशाला, असं ज्यांना वाटतं त्यांना मी 'दोघी बाई'ची आठवण सांगेन.

आतल्या एका बाकात आम्ही दार लावून बसलो. चर्च सांभाळणाऱ्या स्वयंसेवक आजोबांनी लांबून बघितलं आणि दुसरीकडे निघून गेले. हिने माझ्या बोटातली अंगठी काढली, पुसली, आणि परत घातली. निघताना आजोबा एवढंच म्हणाले, "बाहेर पायरी खोल आहे, सांभाळून."

जाणाऱ्यांसाठी : चर्च रोज उघडं असेलच असं नाही, पाटी मात्र केव्हाही बघता येते. यॉर्कमध्ये चहा घ्यायचा तर मिन्स्टरजवळची गर्दीची ठिकाणं सोडून मिकलगेटच्या बाजूला जा.

दिवस सहावा : ऑस्बल्डविक

परतीचं विमान दुसऱ्या दिवशीचं. सकाळपासून पुन्हा पाऊस, आणि हिला सर्दी. "तू खोलीत पड, मी जाऊन येते," म्हटलं, तर हिने आधी बूट घातले.

ऑस्बल्डविक यॉर्कच्या पूर्वेला, चालत पाऊण तास, बसही आहे. आता शहराचंच उपनगर झालंय, पण मधला रस्ता अजून गावाचा. कडेने एक झरा, त्यावर छोटे पूल, हिरवळीवर बदकं. सेंट थॉमसचं लहानसं चर्च बंद होतं, आवाराचं फाटक उघडं. याच गावात एलायझाचे शेवटचे दिवस गेले. १८४३ साली वॉकरला दार उतरवून आणलं ते इस्पितळही याच गावात, आणि ते चालवणारा डॉक्टर मारियानाचा भाऊ. लिस्टरच्या दोन बायका, एक पहिली आणि एक शेवटची, दोघींना याच रस्त्यावर आणून ठेवलं होतं.

एलायझा ३१ जानेवारी १८६० रोजी वारली, लिस्टरनंतर जवळजवळ वीस वर्षांनी. या आवारात तिचं थडगं आहे. शेवाळलेल्या दगडांवरची नावं वाचत आम्ही भिजत फिरत होतो, तेवढ्यात कुत्र्याला फिरवणाऱ्या एका बाई फाटकाशी थांबल्या. "एलायझा?" त्यांनीच विचारलं, आणि हाताने दाखवलं. आमच्याकडे नीट बघून म्हणाल्या, "तुम्ही तिच्या गावच्या?" मद्रास आमच्यापासून हजारभर किलोमीटर दूर. ही म्हणाली, "हो."

दगडावर पाणी ओघळत होतं. यॉर्कच्या बाजारातून आणलेली शेवंती हिने पायथ्याशी ठेवली, देठ आत, फुलं बाहेर, आपण समाधीवर ठेवतो तशी. एलायझाने लिस्टरला लिहिलेली काही पत्रं शिब्डनच्या कागदांत टिकली आहेत. तिच्या आईच्या हातचं काही कुणी जपलं नाही. मी आत्याचा विचार करत होते आणि ओसरीवर भिंतीला टेकून बसलेल्या मावशींचा. आत्या गेल्यावर मावशी इचलकरंजीला पुतण्याकडे गेल्या. मी त्यांना कधी पत्र लिहिलं नाही.

परत येताना बसला वेळ होता, म्हणून चालत आलो, आणि हिची सर्दी वाढली. खोलीवर किटलीत पाणी उकळलं, घरून आणलेली सुंठ घातली. हिला पांघरूण घातलं आणि शिब्डनच्या दुकानातून घेतलेली वही उघडली. वर तारीख घातली, आणि खाली लिहिलं : आज पाऊस. मग हिचं नाव, आडनावासकट पूर्ण. हिला सर्दी. सुंठेचा चहा दिला. जागी आहे.